फिलिपिन्सची गायिका-अभिनेत्री लेआ सलोंगा ऐकायची असेल तर सुरुवात कुठून करायची
आधी १९८९ च्या 'मिस सायगॉन' या संगीत नाटकाचं लंडन कास्टचं रेकॉर्डिंग लावा, हेडफोन घालूनच, मनिलाची ही मुलगी तेव्हा जेमतेम १८ वर्षांची आणि नायिका किमचं सगळं दुःख गळ्यात घेऊन गातेय, याच रोलला १९९१ साली टोनी (अमेरिकी रंगभूमीचा मोठा पुरस्कार) मिळालं. मग लगेच १९९२ च्या डिस्नेच्या 'अलादीन' सिनेमातलं जास्मिनचं गाणं ऐका. फरक कळेल बघा, नाटकात शब्द शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायचा असतो, इथे माइक तोंडाजवळ, त्यामुळे नुसता श्वास सोडला तरी ऐकू येतो! १९९३ चा पॉप अल्बम त्यानंतर निवांत. आणि 'ले मिझराब्ल' या संगीत नाटकाच्या दोन कॉन्सर्ट एकामागोमाग बघाच, १९९५ ला एपोनीनची भूमिका, २०१० ला फँटीनची, आवाज तोच पण १५ वर्षांत काय मुरलाय, मला तर दरवेळी रडू येतं.