तांबट आळीत कान उघडे ठेवून

एखाद्या जागेचे आवाज ऐकायला निघालात, तर डेसिबल मोजायचं अ‍ॅप आधी बंद करा. निवासी भागाची मर्यादा दिवसा 55 आणि रात्री 45 डेसिबल, एवढं माहीत असलेलं बरं. पण एखादा आवाज नकोसा का होतो, ते आकडा सांगत नाही.

पुण्यात कसबा पेठेतल्या तांबट आळीत कामाच्या वेळी जा. कोपऱ्यावर दहा मिनिटं उभे राहा आणि वहीत तीन रकाने आखा. पहिल्यात सतत चालणारे, म्हणून ऐकूच न येणारे आवाज: रहदारी, पंखे. दुसऱ्यात मान वळवायला लावणारे: हॉर्न, कुकरची शिट्टी. तिसऱ्यात फक्त त्याच जागेचे: तांब्यावर पडणारी हातोडी. ही विभागणी कॅनडाचे संगीतकार मरे शेफर यांची. पहिला रकाना भरायला सगळ्यात अवघड, घाई करू नका.

मग प्रत्येकापुढे ‘हवासा’, ‘नकोसा’ किंवा ‘चालेल’ लिहा आणि तिथल्याच एखाद्या रहिवाशाला तेच विचारा. मला ठोके आवडतात, पण मी तासाभरात निघून जाते ना! आवाज कधी थांबेल हे ठाऊक असलं, तो थांबवणं आपल्या हातात असलं, की त्रास कमी वाटतो.

मोबाईलवर ध्वनिमुद्रणही करा. घरी ऐकताना पंखे अचानक मोठे वाटतील. माइक कानासारखी निवड करत नाही.