स्ट्रीमिंग स्टिक वायफायला जोडताना नेमकं अडतं कुठे

स्ट्रीमिंग स्टिक (टीव्हीवर इंटरनेटवरचे व्हिडिओ दाखवणारं छोटं उपकरण) टीव्हीच्या एचडीएमआय पोर्टला लावा, रिमोट जोडून घ्या, यादीतून आपलं वायफाय निवडा, पासवर्ड टाका. बऱ्याच घरांत एवढ्यावर काम भागतं. ज्यांचं भागत नाही त्यांना हमखास दोन सल्ले मिळतात. पहिला, 'राउटर बंद करून चालू करा'. त्यानं नाही झालं तर दुसरा, 'स्टिक फॅक्टरी रीसेट मारा'. पहिल्यानं कधी कधी काम होतं, पण का झालं ते कळत नाही आणि चार दिवसांनी पुन्हा तेच रडगाणं. दुसऱ्यानं बहुतेक वेळा फक्त सगळी ॲप्स नव्यानं टाकायचा आणि लॉगिन करत बसायचा व्याप वाढतो.

रीसेटला हात लावण्याआधी स्टिक कोणत्या पायरीवर थांबली आहे ते बघा. वायफायचं नावच यादीत येत नाही, नाव येतं पण स्टिक जोडली जात नाही, जोडली जाते पण इंटरनेट नाही. ही तीन वेगळी दुखणी आहेत आणि एकाचं औषध दुसऱ्याला लागू पडत नाही.

आधी वीज

स्टिकसोबत आलेला ॲडॉप्टर भिंतीतल्या सॉकेटला लावा. टीव्हीच्या मागच्या यूएसबी पोर्टमधून वीज घ्यायचा मोह टाळा. साधा यूएसबी २.० पोर्ट नियमानं ५ व्होल्टला अर्धा अँपिअर देतो, आणि बहुतेक स्टिकना एक अँपिअर तरी लागतो. होम स्क्रीनपर्यंत सगळं ठीक चालतं. व्हिडिओ सुरू झाला की प्रोसेसर आणि वायफाय दोघं एकदम वीज ओढतात, व्होल्टेज पडतं, आणि स्टिक स्वतःहून रीस्टार्ट होते किंवा नेटवर्क सोडते. दोष मात्र वायफायच्या माथी. शिवाय टीव्ही बंद केला की बहुधा त्या पोर्टची वीजही जाते, म्हणजे दर वेळी स्टिक पहिल्यापासून सुरू होऊन नेटवर्क शोधत बसणार. ड्रॉवरमधली कुठलीतरी लांब, बारीक केबलही नको. वीज तिच्यातच गळते.

खोक्यात एचडीएमआयचा वीतभर लांबीचा जोड-तुकडा असेल तर तो वापरा. तो शोभेसाठी दिलेला नाही. त्याच्याशिवाय स्टिक टीव्हीच्या धातूच्या पाठीला चिकटून बसते आणि सिग्नल अडतो. शेजारच्या पोर्टला यूएसबी ३.० ची हार्ड डिस्क असेल तर ती लांब सरकवा, तिचा गोंगाट नेमका २.४ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यात येतो (वायफायच्या पट्ट्याला 'बँड' म्हणतात, दुसरा नेहमीचा बँड ५ गिगाहर्ट्झचा).

रिमोट जुळत नसेल तर सेल बदला. ॲमेझॉनच्या फायर टीव्ही स्टिकच्या रिमोटवर होमचं बटण दहा सेकंद दाबून धरा.

एक चाचणी, जी सगळे टाळतात

'माझ्या फोनला तर फुल रेंज येतेय' हा युक्तिवाद फारसा कामाचा नाही. फोनचा अँटेना स्टिकपेक्षा बरा असतो, फोनला जास्त बँड आणि चॅनल (बँडचे क्रमांक दिलेले छोटे भाग) कळतात, आणि तो हातात असतो, टीव्हीच्या मागे नसतो. त्याऐवजी फोनचा हॉटस्पॉट चालू करा आणि स्टिक त्याला जोडून बघा. हॉटस्पॉट २.४ गिगाहर्ट्झवर ठेवा. आयफोनमध्ये त्यासाठी 'मॅक्सिमाइझ कम्पॅटिबिलिटी' चालू करावं लागतं. स्टिक हॉटस्पॉटला जोडली गेली तर ती धडधाकट आहे आणि खोट राउटरच्या सेटिंगमध्ये किंवा अंतरात आहे. जोडली नाही तर राउटरशी झटापट करू नका, स्टिक किंवा तिची वीज तपासा. चाचणी झाली की हॉटस्पॉट लगेच बंद करा. नवी स्टिक इंटरनेट मिळाल्याबरोबर सिस्टीम अपडेट ओढायला लागते आणि तुमचा मोबाइल डेटा फस्त करते.

नाव यादीत येतच नाही

खरी मेख इथे आहे.

आधी स्टिकला कोणते बँड कळतात ते पाहा. खोक्यावर वायफायपुढे फक्त 'बी/जी/एन' लिहिलेलं असेल आणि 'ड्युअल बँड'चा उल्लेख नसेल, तर ती फक्त २.४ वाली धरून चाला. 'एसी' लिहिलं असेल तर ५ गिगाहर्ट्झ नक्की चालतो. वायफाय ६ आणि ६ गिगाहर्ट्झ यांत गल्लत करू नका. वायफाय ६ ही वायफायची पिढी आहे, ६ गिगाहर्ट्झ हा बँड. वायफाय ६ वाल्या स्टिकलाही ६ गिगाहर्ट्झचं नेटवर्क दिसेलच असं नाही, तो बँड फार थोड्या स्टिकना कळतो.

स्टिक ड्युअल बँड आहे, तरी ५ गिगाहर्ट्झचं नाव येत नाही. किंवा काल येत होतं, आज नाही. हे लक्षण दिसलं की संशय चॅनलवर घ्या. राउटरमध्ये चॅनल 'ऑटो'वर असतो आणि राउटर स्वतःच्या मर्जीनं निवड करतो. ५ गिगाहर्ट्झमधले ५२ ते १४४ हे चॅनल हवामान खात्यांच्या आणि लष्करी रडारसोबत वाटून घ्यावे लागतात. बहुतेक देशांत नियम असा, की ते वापरण्याआधी राउटरनं किमान एक मिनिट कान देऊन ऐकायचं, आणि रडारची चाहूल लागली की चॅनल रिकामा करायचा. याला राउटरच्या मेनूत 'डीएफएस' म्हणतात. कितीतरी स्टिक आणि टीव्ही हे चॅनल धुंडाळतच नाहीत. राउटर ५२ वर बसला की त्यांच्या लेखी तुमचं नेटवर्क अस्तित्वातच नाही. फोनला मात्र ते व्यवस्थित दिसतं, म्हणून सगळे स्टिकला नावं ठेवतात.

राउटर बंद-चालू केल्यावर कधी कधी 'आपोआप दुरुस्त' होतं ते यामुळेच. राउटर पुन्हा चॅनल निवडतो आणि नशिबानं तो ३६ किंवा ४४ निघतो. पुढच्या वेळी नशीब साथ देईलच असं नाही.

उपाय असा. ब्राउझरमध्ये राउटरचा पत्ता टाका, बहुधा १९२.१६८.१.१ किंवा १९२.१६८.०.१, नसेल तर राउटरच्या बुडाला चिकटवलेल्या स्टिकरवर असतो. तिथला ॲडमिन पासवर्ड आणि वायफायचा पासवर्ड एकच असेल असं समजू नका. वायरलेसच्या पानावर ५ गिगाहर्ट्झचा चॅनल 'ऑटो'वरून काढून ३६, ४०, ४४ किंवा ४८ करा. १४९ ते १६१ सुद्धा बऱ्याच ठिकाणी चांगले चालतात, पण काही देशांत त्यांना परवानगी नाही, आणि परदेशातून आणलेल्या स्टिकचा देश वेगळा सेट असेल तर तिला ते दिसणार नाहीत. ३६ मध्ये भानगड कमी.

त्याच पानावर 'चॅनल विड्थ' असते. ती ८० मेगाहर्ट्झवर आणा. इथेच बरेच जण फसतात: चॅनल ३६ ठेवतात पण विड्थ १६० तशीच सोडतात. १६० च्या रुंदीत ३६ पासून ६४ पर्यंतचा सगळा पट्टा व्यापला जातो, म्हणजे अर्धा भाग पुन्हा रडारवाल्या चॅनलवर. त्या १६० चा वेग स्टिकला काही कामाचा नाही.

२.४ गिगाहर्ट्झवर चॅनल १, ६ किंवा ११ ठेवा, विड्थ २०. चॅनल १२ आणि १३ अमेरिकेसाठी बनवलेल्या उपकरणांना सहसा दिसत नाहीत.

नेटवर्कचं नाव लपवून ठेवलं असेल तर उघडं करा. लपवल्यानं सुरक्षा काडीची वाढत नाही, फक्त प्रत्येक उपकरण जोडताना नाव हातानं टाइप करावं लागतं. आणि नाव साध्या इंग्रजी अक्षरांत व आकड्यांत ठेवा. वायफायच्या नावाला ३२ बाइटची मर्यादा आहे. देवनागरीतलं एकेक अक्षर तीन बाइट घेतं, काना-मात्रा वेगळ्या मोजल्या जातात, आणि काही स्टिक अशा नावाच्या जागी नुसते चौकोन दाखवतात. इमोजीचं तर नावच नको.

राउटरनं दोन्ही बँडना एकच नाव दिलं असेल ('स्मार्ट कनेक्ट' किंवा 'बँड स्टीअरिंग') तर ते बंद करून दोन नावं वेगळी करावीत, या मतावर मी ठाम आहे. एका नावाखाली स्टिक कोणत्या बँडवर बसली ते समजत नाही आणि ती बऱ्याचदा गर्दीच्या २.४ वर जाऊन बसते. राउटर त्याच खोलीत किंवा एका भिंतीपलीकडे असेल तर ५ घ्या. मध्ये दोन जाड भिंती असतील तर २.४ हळू पण टिकाऊ. मेश यंत्रणेत (घरभर अनेक युनिट ठेवून एकच वायफाय पसरवणारी) नावं वेगळी करता येत नसतील तर स्टिक तिच्या कायमच्या जागी लावून तिथेच रीस्टार्ट करा, म्हणजे ती जवळच्या युनिटला पकडेल.

नाव दिसतं, पासवर्ड बरोबर, तरी 'जोडता आलं नाही'

रिमोटनं टाइप करताना 'पासवर्ड दाखवा'ची खूण करा. कॅपिटल अक्षरं, ओ आणि शून्य, आय आणि एल नीट बघा. एकदा खात्री झाली की तोच पासवर्ड पुन्हा पुन्हा ठोकत बसू नका. त्यातून काही निष्पन्न होत नाही.

मग राउटरची सुरक्षा पाहा. नवे राउटर कधी कधी फक्त डब्ल्यूपीए-३ वर (वायफायच्या सुरक्षेची नवी पद्धत, आधीची डब्ल्यूपीए-२) ठेवलेले असतात. जुन्या स्टिकना डब्ल्यूपीए-३ समजत नाही, आणि काही तर 'पासवर्ड चुकीचा' असा सरळ खोटा संदेश देतात. सेटिंग 'डब्ल्यूपीए-२/डब्ल्यूपीए-३' असं मिश्र करा. खाली 'पीएमएफ' (वायफायच्या नियंत्रण संदेशांचं संरक्षण) नावाचा पर्याय असेल तर तो 'रिक्वायर्ड'वरून 'कॅपेबल' किंवा 'ऑप्शनल' करा. मिश्र ठेवूनही काही स्टिक अडखळतात, तेव्हा २.४ पुरतं निव्वळ डब्ल्यूपीए-२ एईएस ठेवावं. मात्र 'टीकेआयपी' किंवा 'डब्ल्यूईपी'वर कुणी सांगितलं तरी जाऊ नका. सुरक्षेच्या या दोन्ही जुन्या पद्धती मोडीत निघालेल्या आहेत, वर टीकेआयपीमुळे जोडणीचा वेग ५४ एमबीपीएसच्या वर जात नाही.

मुख्य नेटवर्कची सुरक्षा उतरवायची नसेल तर गेस्ट नेटवर्क डब्ल्यूपीए-२ वर ठेवून स्टिक त्याला जोडा. तोटा एवढाच, की गेस्ट नेटवर्क उपकरणांना एकमेकांपासून वेगळं ठेवतं, त्यामुळे फोनवरून कास्ट (फोनवरचा व्हिडिओ टीव्हीवर पाठवणं) होणार नाही. ज्या उपकरणाचं सेटअपच फोनच्या ॲपमधून करावं लागतं, त्याच्यासाठी ही पळवाट नको.

सेटिंग बदलल्यावर स्टिकवर ते नेटवर्क 'फर्गेट' करून नव्यानं जोडा, नाहीतर ती जुनीच माहिती घेऊन दार ठोठावत राहते. फायर टीव्हीत नेटवर्कच्या नावावर उभं राहून तीन रेघांचं मेनू बटण दाबलं की हा पर्याय मिळतो. राउटरवर मॅक फिल्टर (ठरावीक उपकरणांनाच आत घेणारी यादी) लावला असेल तर स्टिकचा मॅक पत्ता (उपकरणाचा स्वतःचा ओळख क्रमांक) त्यात घाला.

जोडली, पण इंटरनेट नाही

नेटवर्क सेटिंगमध्ये स्टिकचा आयपी पत्ता (नेटवर्कमधला तिचा क्रमांक) वाचा. १६९.२५४ नं सुरू होत असेल तर राउटरनं तिला पत्ता दिलेलाच नाही. इथे मात्र राउटर बंद-चालू करणं योग्य आहे. घरात उपकरणं खूप झाली असतील तर राउटरच्या डीएचसीपीची (उपकरणांना पत्ते वाटणारी सोय) मर्यादाही वाढवा.

पत्ता ठीक असेल तर तारीख-वेळ तपासा. स्टिकची तारीख चुकली की सुरक्षा प्रमाणपत्रं अवैध ठरतात, आणि नेटवर्क हिरवंगार दिसत असूनही एकही ॲप उघडत नाही. वेळ 'ऑटोमॅटिक'वर ठेवा. तेही बरोबर असेल तर डीएनएस (साइटच्या नावावरून तिचा पत्ता शोधणारी सेवा) हातानं १.१.१.१ किंवा ८.८.८.८ भरून बघा. फायर टीव्हीत नेटवर्कवर उभं राहून प्ले/पॉज दाबलं तर अडचण वायफायची की इंटरनेटची ते तिथेच कळतं.

चालतंय, पण चक्र फिरत राहतं

वेग फोनवर मोजू नका, स्टिकवरच्या ॲपनं मोजा. नेटफ्लिक्स फुल एचडीसाठी ५ आणि फोर-केसाठी १५ एमबीपीएस सुचवतं, म्हणजे फार मोठा आकडा लागत नाही, तो सलग मिळावा लागतो. सिग्नल उणे ६७ डीबीएमपर्यंत (सिग्नलच्या ताकदीचं एकक, आकडा शून्याच्या जितका जवळ तितका सिग्नल चांगला) असेल तर व्हिडिओ निवांत चालतो, उणे ७५ च्या पलीकडे गेला की राउटर हलवा. केबल नेता येत असेल तर त्या स्टिकसाठीचा इथरनेट ॲडॉप्टर घ्या आणि वायफायचा विषयच संपवा. १०० एमबीपीएसचा ॲडॉप्टरही फोर-केला पुरतो.

पुढे कधी राउटर बदललात तर नव्याला जुन्याचंच नाव, तोच पासवर्ड आणि तीच सुरक्षा द्या. नावातलं कॅपिटल अक्षरसुद्धा जसंच्या तसं. स्टिकला काही सांगावं लागणार नाही, ती आपसूक जोडली जाईल. फक्त जुना राउटर आधी बंद करा, नाहीतर एकाच नावाचे दोन राउटर हवेत असतील आणि स्टिक कदाचित इंटरनेट नसलेल्यालाच जाऊन चिकटेल.