सातभाईंची सोसायटी मीटिंग: एका मिनिटाची व्यंग-ॲनिमेशन फिल्म कशी करावी

आधी प्राणी नको, खोड ठरवा. ‘माणसं स्वार्थी असतात’ यावर फिल्म होत नाही. ‘टाकीच्या गळतीवर सगळे तावातावाने बोलतात, पण काम कोण बघणार म्हटलं की गप्प’ यावर होते.

मग ती खोड ज्याच्या अंगातच आहे असा प्राणी शोधा. लबाड कोल्हा, मूर्ख गाढव नकोत. पहिल्याच शॉटला शेवट कळतो. इथे सातभाई हे पक्षी चपखल बसतात. ते थव्याने पाचोळा उलथत फिरतात, एकाने तोंड उघडलं की सगळे कलकलाट करतात आणि एखादा उंच फांदीवर पहारा देतो. तोच सेक्रेटरी. त्यांना कपडे चढवू नका, पंखांचे हात करू नका. नाहीतर मुखवटा घातलेली माणसंच दिसतात. आडनाव किंवा विशिष्ट बोलीही कुणाला चिकटवू नका. टोमणा सवयीला बसावा, समाजाला नाही.

संवाद आधी रेकॉर्ड करा. 70-80 शब्दांच्या वर नको. त्यावर 10-12 शॉटचं ॲनिमॅटिक, म्हणजे कच्ची चित्रं आवाजाच्या वेळेत बसवलेली फिल्म, लावा. सेकंदाला 24 फ्रेम आणि एक चित्र दोन फ्रेम धरलं तरी मिनिटाला 720 चित्रं होतात, म्हणून कापाकापी इथेच उरका.

सातभाई दोन्ही पाय जुळवून उडी मारतो, त्याला माणसासारखं चालवू नका. एका उडीला 8 फ्रेम पुरतात: 2 दबायला, 4 हवेत, 2 टेकायला. चोचीचे तीनच आकार काढा: मिटलेली, अर्धी, पूर्ण उघडी. प, ब, म आले की मिटवा, आणि चित्र आवाजाच्या एक-दोन फ्रेम आधी ठेवा. उशिरा हललेली चोच लगेच खटकते.

खरा विनोद सेक्रेटरीच्या ‘नाव कोण देतंय?’ नंतर आहे. तिथे पूर्ण 36 फ्रेम थांबा. कलकलाट एकदम तोडा. सातभाईंच्या त्या पांढरट, रागीट डोळ्यांपैकी एकच मिटून उघडू दे. मग एक जण हळूच पाचोळ्यात चोच खुपसतो, पाठोपाठ सगळे. मोबाइलमध्ये मान घालणारे शेजारी प्रेक्षक आपणच ओळखतो. मोबाइल दाखवलात तर मजा गेली. घाबरून हा थांबा 12 फ्रेमवर आणला, तर गप्प बसणं लक्षातच येत नाही.

रंगकामाआधी ॲनिमॅटिक आवाज बंद करून तिऱ्हाइताला दाखवा. कोण टाळतंय हे त्याला सांगता आलं नाही, तर संवाद वाढवू नका, पोझ बदला.