बीटचं झणझणीत सूप, अर्धं बोर्श आणि अर्धी सोलकढी

थंडीत बीट स्वस्त आणि गोड मिळतं, पण सूप केलं की नुसतं गोडमिट्ट आणि मातकट लागतं अशी तक्रार असते ना, तर त्यावर उपाय म्हणजे आंबट. युक्रेनवाले बोर्शमध्ये, म्हणजे त्यांच्या बीटच्या सूपमध्ये, व्हिनेगर वगैरे घालतात ते उगाच नाही, आंबटपणाने मातकट वास दबतो आणि रंगही लालभडक राहतो. आपल्याकडे आमसुलं आहेतच.

दोन मध्यम बीट सालासकट, देठाचा बोटभर तुकडा ठेवून कुकरला लावा, चार-पाच शिट्ट्या, देठ मुळाशी कापलात तर रंग सगळा पाण्यात जातो. मग साल काढून एक उकडलेला टोमॅटो, आल्याचा तुकडा घालून मिक्सरला फिरवा, पण गार झाल्यावरच हं, मी एकदा घाईत गरमच फिरवलं तर झाकण उडून ओट्यामागच्या टाइल्स गुलाबी झाल्या.

तुपात जिरं, ठेचलेला लसूण, दोन लवंगी मिरच्या, त्यात ही प्युरी, दोन कप पाणी, मीठ, चार आमसुलं टाकून दहा मिनिटं उकळा, आमसुलं काढून टाका. गॅस बंद करून मगच अर्धी वाटी नारळाचं दूध, आधी घालून उकळलंत तर फाटतं. वरून मिरपूड, चमचाभर चक्का.

आणि हो, दुसऱ्या दिवशी लघवी लालसर दिसली तर दचकू नका, बीटचाच रंग असतो तो बहुतेक.