पाइप म्हणजे बेल्ट नव्हे

'सॅटिस्फॅक्टरी' या कारखाने उभारण्याच्या व्हिडिओ गेममध्ये सुरुवातीचे बरेच तास मी फक्त माल वाहणाऱ्या बेल्टवर काढले आणि स्वतःला तरबेज समजू लागलो. मग कोळशाच्या विजेसाठी पाण्याचा पाइप टाकला आणि सगळी हुशारी उतरली.

बेल्टवर माल एकाच दिशेने सरकतो आणि कुठे तुंबला ते डोळ्यांना दिसतं. पाइपातलं पाणी दोन्हीकडे वाहतं, हिंदकळतं आणि चढ आला की अडून बसतं.

माझी पहिली फजिती ऐका. कोळशाचा एक जनरेटर मिनिटाला ४५ घनमीटर पाणी पितो, एक वॉटर एक्स्ट्रॅक्टर, म्हणजे पाणी उपसणारं यंत्र, १२० देतो. म्हणजे ८ जनरेटरना ३ एक्स्ट्रॅक्टर, ३६० ला ३६०. हिशेब चोख, तरी शेवटचे जनरेटर सारखे बंद पडत होते. अर्धा तास मी पंपावर पंप लावत बसलो. चूक भलतीकडेच होती: मार्क १, म्हणजे सुरुवातीच्या साध्या पाइपातून मिनिटाला जास्तीत जास्त ३०० घनमीटर जातात. तिन्ही एक्स्ट्रॅक्टर एकाच तोंडाने सोडल्यावर वरच्या ६० ला वाटच नव्हती. जनरेटरच्या ओळीच्या एका टोकाला दोन एक्स्ट्रॅक्टर आणि दुसऱ्या टोकाला एक जोडला, की कुठल्याच तुकड्यावर २४० च्या वर भार येत नाही. एक पैसा खर्च नाही!

आणखी एक, एक्स्ट्रॅक्टरलाही वीज लागते. पाइप रिकामा असताना सगळं एकदम चालू केलंत तर पाणी नाही म्हणून वीज नाही, वीज नाही म्हणून पाणी नाही. आधी पाला-लाकूड जाळणाऱ्या बायोमास बर्नरच्या विजेवर एक्स्ट्रॅक्टर चालवा, पाइप आणि जनरेटर काठोकाठ भरू द्या, मगच कारखान्याची तार जोडा. इथे घाई करणारा हमखास अंधारात बसतो.

पंपाचं थोडक्यात. यंत्र स्वतःच्या जोरावर द्रव १० मीटर चढवतं, मार्क १ पंप २० आणि मार्क २ पंप ५०. एकाच जागी दोन पंप ठेवून उंचीची बेरीज होत नाही. पहिल्याचा जोर संपण्याच्या जरा आधी दुसरा लावायचा. सपाट पाइपाला पंप लावून वेग वाढतो, हा माझा जुना भ्रम.

खरी गंमत तेलापासून. प्लॅस्टिकची रिफायनरी ३० घनमीटर कच्च्या तेलातून २० प्लॅस्टिक काढते आणि सोबत १० घनमीटर जड तेल. ते जड तेल उपसलं नाही की टाकी भरते आणि प्लॅस्टिकही थांबतं. माझ्या चार रिफायनऱ्या अशाच गपगार झाल्या, आणि मी कच्च्या तेलाचा पाइप तपासत हिंडत होतो. चौघींचं ४० जड तेल एका पेट्रोलियम कोकच्या रिफायनरीला बरोबर पुरतं. नको असलेला माल गिळणाऱ्या सिंक यंत्रात द्रव थेट टाकता येत नाही, कोक टाकता येतो. किंवा तो कोळशाच्या जनरेटरमध्ये जाळा.

ॲल्युमिनियमच्या वेळी हाच धडा उलटा येतो: ॲल्युमिना द्रावण करायला पाणी लागतं, आणि त्या द्रावणातून ॲल्युमिनियमचं भंगार काढणारी रिफायनरी त्यातलं काही पाणी परत देते. ते ताज्या पाण्याच्या पाइपात मिसळलं, की ताजं पाणी पाइप भरून ठेवतं, परतीच्या पाण्याला जागा मिळत नाही आणि सगळी साखळी अडते. व्हॉल्व्हचे खेळ मी सोडून दिले. ॲल्युमिना द्रावणाच्या ६ आणि भंगाराच्या ३ रिफायनऱ्या घेतल्या. भंगारातून ३६० पाणी परत येतं, ते द्रावणाच्या दोन रिफायनऱ्यांना नेमकं लागतं. बाकीच्या चौघींना ताजं ७२०. दोन्ही पाइप कुठेही एकमेकांना भेटत नाहीत. सुरुवातीला त्या दोघी उपाशी असतात, पण चौघींच्या जोरावर भंगार सुरू होतं, पाणी परत येऊ लागतं आणि हळूहळू त्याही पूर्ण वेगात येतात. फक्त ७२० एका पाइपात कोंबू नका, पुढच्या मार्क २ पाइपाचीही मर्यादा ६०० आहे. मी कोंबलं होतं.