एफआयआर रद्द करून घ्यायला हायकोर्टात जाताय? या चुका टाळा

“आमच्या मुलाने काही केलेलंच नाही, मग हायकोर्ट गुन्हा रद्द का करत नाही?” असं विचारणारे आईवडील रडकुंडीला आलेले असतात, आणि त्यांचं म्हणणं पुष्कळदा खरंही असतं. पण चूक इथेच सुरू होते. एफआयआर रद्द करण्याच्या अर्जात आरोपी निर्दोष आहे की नाही, हे कोर्ट ठरवत नाही. फिर्यादीतला शब्द न् शब्द खरा धरला तरी त्यातून गुन्हा उभा राहतो का, आणि तसा खटला चालू ठेवणं हा न्यायप्रक्रियेचा गैरवापर ठरतो का, एवढंच ते बघतं.

सर्वोच्च न्यायालयाने हरियाणा राज्य विरुद्ध भजनलाल (१९९२) या निकालात अशा सात परिस्थिती सांगितल्या आहेत. आरोपांतून गुन्हाच बनत नाही, आरोप इतके अशक्य की कुठल्याही समंजस माणसाला पटू नयेत, कायद्यानेच खटल्याला मनाई आहे, किंवा निव्वळ सूड उगवण्यासाठी तक्रार केली आहे, या त्यांतल्या महत्त्वाच्या. आपलं प्रकरण यांपैकी कशात बसतं, हे अर्जाच्या पहिल्या दोन पानांत आलं पाहिजे. त्याऐवजी ‘साक्षीदार खोटं बोलतोय’, ‘मी तिथे नव्हतोच’ अशी पानंच्या पानं भरली जातात. ती लढाई उलटतपासणीची आहे, ती खालच्या कोर्टात लढायची.

बचावाची कागदपत्रं कधीच चालत नाहीत, असं मात्र नाही. राजीव थापर प्रकरणात (२०१३) कोर्टाने कसोटी दिली: कागद इतका भक्कम हवा की समोरच्यालाही तो नाकारता येऊ नये. घटनेच्या दिवशी परदेशात असल्याचा पासपोर्टवरचा शिक्का त्या तोडीचा ठरू शकतो. मित्राचं प्रतिज्ञापत्र किंवा व्हॉट्सअ‍ॅप संभाषणाचे निवडक स्क्रीनशॉट त्या तोडीचे नाहीत.

सगळ्यात जास्त घोळ होतो तो कौटुंबिक छळाच्या गुन्ह्यांत, म्हणजे जुन्या भारतीय दंड संहितेच्या ४९८अ कलमात. नवरा, सासू, सासरे, दीर, लग्न होऊन दूर राहणारी नणंद, सगळ्यांचा मिळून एकच अर्ज, एकच मुद्दा. हे करू नका. एफआयआर घेऊन बसा आणि प्रत्येक नावाखाली रेघ मारा. नाशिकला नोकरी करणाऱ्या दिराबद्दल फक्त ‘सर्वांनी मिळून त्रास दिला’ एवढंच असेल, तर त्याची बाजू खरंच मजबूत आहे. कहकशां कौसर विरुद्ध बिहार राज्य (२०२२) या प्रकरणात अशाच मोघम आरोपांवरून सासरच्या मंडळींवरचा खटला रद्द झाला. पण नवऱ्याविरुद्ध तारीख, रक्कम, मारहाण असा तपशील असेल, तर त्याला त्याच नावेत बसवल्याने दिराचा मुद्दाही बुडतो. आणि तो तपशील खरा असेल, तर त्या मुलीची फिर्याद पुराव्यापर्यंत जायलाच हवी. हे मी आरोपीच्या बाजूने लिहितानाही ठामपणे म्हणतो.

“आता मिटलंय, मग रद्द होणारच” हाही गैरसमज. ज्ञानसिंग विरुद्ध पंजाब राज्य (२०१२) नुसार वैयक्तिक, कौटुंबिक किंवा व्यवहाराचे वाद तडजोडीने संपवता येतात, पण खून, बलात्कार, दरोडा यांसारखे गुन्हे नाहीत. राजस्थानात अल्पवयीन विद्यार्थिनीच्या विनयभंगाचा शिक्षकावरचा खटला तडजोडीवर रद्द झाला होता. सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये तो पुन्हा उभा केला, आणि तेच योग्य होतं. जिथे तडजोड चालते, तिथेही फिर्यादीची नुसती सही घेऊन मोकळे होऊ नका. कोर्ट अनेकदा तिला समोर बोलावून विचारतं, आणि दबावाची शंका आली की सगळं फिसकटतं.

अर्ज दाखल झाला म्हणजे अटक टळली, असं समजून पोलिसांची नोटीस बाजूला ठेवणारे लोक मी पाहिले आहेत. अर्जाने तपास आपोआप थांबत नाही. मुंबई उच्च न्यायालयाच्या एका आदेशावरूनच निहारिका इन्फ्रास्ट्रक्चर प्रकरण (२०२१) उभं राहिलं, आणि कारणं न देता सरसकट ‘कठोर कारवाई नको’ असे अंतरिम आदेश देऊ नयेत, असं सर्वोच्च न्यायालयाने बजावलं. अटकेची भीती असेल तर अटकपूर्व जामिनाचा अर्ज वेगळा करा. इथे आकड्यांचा गोंधळ सांभाळा: जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतलं ४८२ कलम गुन्हा रद्द करण्याचं होतं. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत त्याचं काम ५२८ करतं, आणि नवं ४८२ चक्क अटकपूर्व जामिनाचं आहे.

दोषारोपपत्र दाखल झालं म्हणून हायकोर्टाचं दार बंद होत नाही. मात्र मग फक्त एफआयआरवर बोलून भागत नाही, जबाब आणि पंचनामेही जोडावे लागतात. त्याच वेळी खालच्या कोर्टातल्या डिस्चार्ज अर्जाची, म्हणजे आरोप निश्चित होण्याआधीच आरोपमुक्त करा असं मागण्याची, मुदत चालू असते. नव्या संहितेत वॉरंट खटल्यात (दोन वर्षांहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांत) कागदपत्रांच्या प्रती मिळाल्यापासून ६० दिवस, आणि सेशन (सत्र न्यायालयात चालणाऱ्या) खटल्यात प्रकरण सेशन कोर्टाकडे वर्ग झाल्यापासून ६० दिवस. हायकोर्टाच्या तारखांची वाट बघत ही मुदत घालवू नका. सुनावणीत खंडपीठाचा कल विरुद्ध दिसला, तर डिस्चार्ज मागण्याची मुभा राखून अर्ज मागे घेण्याची परवानगी वकिलांना मागायला सांगा. तुमच्याविरुद्ध निरीक्षणं नोंदवून अर्ज फेटाळला गेला, तर तोच आदेश पुढच्या प्रत्येक तारखेला सरकारी वकिलांच्या हातात असतो.