फ्रान्झ ऑस्टेनवर प्रबंध लिहिताना: नव्यांसाठी चार गोष्टी

एम.ए.च्या प्रबंधासाठी मी फ्रान्झ ऑस्टेन हा विषय घेतला, तेव्हा मला एवढंच ठाऊक होतं: मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये एक जर्मन दिग्दर्शक होता आणि ‘अछूत कन्या’ (१९३६) त्याने केला. म्हणजे मी शेंडीकडून सुरुवात केली. त्याचा पिंड घडला मूकपटात, आणि तिथपर्यंत मागे जायला माझे चार महिने गेले. मूकपटांच्या अभ्यासात नव्याने येणाऱ्यांचे तरी तेवढे महिने वाचावेत म्हणून हे लिहिते आहे.

आधी नावांची वही करा. ‘ऑस्टेन’ हे घेतलेलं नाव. हा म्युनिकचा फ्रान्झ ओस्टरमायर, जन्म १८७६चा. भाऊ पेटरही चित्रपटधंद्यातलाच. दोन्ही आडनावांनी शोधलं नाही तर निम्मी माहिती हातून निसटते. चित्रपटांचंही तेच. १९२५चा ‘प्रेम संन्यास’ इंग्रजीत ‘द लाइट ऑफ एशिया’, जर्मनीत ‘दी लॉयख्टं आझिएन्स’. १९२९चा ‘प्रपंच पाश’ इंग्रजीत ‘अ थ्रो ऑफ डाइस’. मी सुरुवातीला एकच चित्रपट दोनदा यादीत घातला होता. आता एका चित्रपटाला एक पान, आणि त्याच्या माथ्यावर सगळी नावं.

दुसरी गोष्ट वेगाची. ही मला कोणी सांगितली नव्हती. ३५ मिमीच्या फिल्ममध्ये एका फुटात १६ फ्रेम्स असतात. १००० फुटांचं रीळ सेकंदाला १८ फ्रेम्सनी फिरलं तर पावणेपंधरा मिनिटं चालतं. २४नी फिरवलं तर जेमतेम अकरा. मूकपटांना ठरलेला एकच वेग नव्हता. मी एका जुन्या व्हिडिओ प्रतीवरून प्रत्येक शॉटचे सेकंद मोजून मोठा तक्ता केला, आणि मग कळलं की ती प्रत भलत्याच वेगाने उतरवलेली आहे. पात्रं तुरुतुरु चालताना दिसली की थांबा, आधी वेग तपासा. ऑस्टेनचा ‘शिराझ’ (१९२८) हा मूकपट पाहायचा तर ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने दुरुस्त केलेली प्रतच मिळवा.

जर्मन थोडं तरी शिका. पुण्या-मुंबईत मॅक्सम्युलर भवन आहे. पण भाषा येऊनही त्या काळातली कितीतरी वर्तमानपत्रं वाचता येत नाहीत, कारण ती ‘फ्राक्टुर’ या जुन्या वळणाच्या लिपीत छापलेली असतात. त्यात एक ‘एस’ जवळजवळ ‘एफ’सारखाच दिसतो. रोज अर्धं पान मोठ्याने वाचायचं. महिनाभरात डोळा बसतो.

आता मुख्य मुद्दा. ऑस्टेनला हिंदी येत नव्हतं. मग दिग्दर्शन त्याचं कशात आहे? ‘शिराझ’मध्ये हत्तीच्या पायाखाली देण्याच्या शिक्षेचा प्रसंग आहे. शिराझ झालेले हिमांशु राय जमिनीवर, आणि वर हत्तीचा उचललेला पाय. तो पाय आणि ते डोकं यांच्यातलं अंतर, एवढ्यावर प्रसंग उभा आहे. मूकपटात संवादासाठी मध्येच येणाऱ्या पाटीवरच्या मजकुराची गरजच पडत नाही. मी हा भाग दहा-बारा वेळा पाहिला. मग ‘अछूत कन्या’चा शेवट लावला आणि आवाज पूर्ण बंद केला: रेल्वेचं फाटक, झटापट, येणारी गाडी, धावणारी नायिका कस्तुरी. संवादाचा एक शब्द न ऐकता सगळं कळलं. हा प्रयोग तुम्ही जरूर करा. बोलपटाच्या काळातही हा माणूस मूकपटाच्याच नजरेने गोष्ट सांगत होता, हे माझं मत त्या दुपारी पक्कं झालं, आणि प्रबंध त्यावरच लिहिला.

मात्र सगळं श्रेय एकट्याला देऊ नका. तिन्ही मूकपटांमागे निर्माते हिमांशु राय आणि लेखक निरंजन पाल होते; ‘प्रेम संन्यास’च्या कॅमेऱ्यावर विली कीरमायर आणि योसेफ विर्शिंग. श्रेयनामावलीतल्या प्रत्येक नावाचा माग काढा. मला तर ऑस्टेनइतकाच विर्शिंग जवळचा वाटू लागला.

आणि एक अवघड गोष्ट. १९३६ साली ऑस्टेन नाझी पक्षाचा सदस्य झाला. त्याच वर्षी अस्पृश्यतेवरचा ‘अछूत कन्या’ पडद्यावर आला. हे वाचून मी आठवडाभर एक ओळही लिहिली नाही. हा भाग तळटीपेत ढकलावा असा मोह होतो. माझ्या मार्गदर्शक बाईंनी तो मजकुरात, स्वतंत्र प्रकरणात घ्यायला लावला, आणि त्यांचं बरोबरच होतं. १९३९मध्ये युद्ध पेटलं तेव्हा त्याच्या ‘कंगन’ या चित्रपटाचं काम चालू होतं. इंग्रजांनी ऑस्टेनला अटक केली. पुढे सुटका होऊन तो जर्मनीला परतला. विर्शिंगही नजरकैदेत गेला, पण युद्धानंतर तो इथेच राहिला. ‘महल’ त्याच्याच कॅमेऱ्यातून उतरला, ‘पाकीजा’चं बरंचसं चित्रीकरणही त्याचंच, ते पूर्ण होण्याआधी, १९६७मध्ये तो गेला. ऑस्टेनची फिल्मोग्राफी ‘कंगन’पाशी थांबवून वही मिटू नका. त्यापुढचं पान विर्शिंगच्या नावाने सुरू करा.